देवीची वेगळी सही

बाई जाऊन आता वर्ष होत आलं. माणूस गेलं की लोक म्हणतात, स्वभाव फार गोड होता हो. बाईंचा नव्हता. मी त्यांच्याबरोबर सात वर्षं काम केलं आणि त्या सात वर्षांत निदान वीसदा काम सोडलं. दर वेळी नांदेडहून फोन यायचा, "लग्नवाले, मंगळवारी सकाळी निघायचंय. रागवायचं असलं तर गाडीत रागव." आणि मी तोंडातल्या तोंडात शिव्या घालत हेडफोन पुसायला घ्यायचो.

लग्नवाले म्हणजे मी. उदगीरला माझा फोटो-व्हिडिओचा स्टुडिओ आहे. लग्न, साखरपुडा, बारसं, डोहाळजेवण, सगळं करतो. "वहिनी, मान थोडी डावीकडं, हां, आता हसा," हे म्हणण्यात माझी हयात गेली. बाई पहिल्यांदा स्टुडिओत आल्या तेव्हा मी जेवून नुकताच गल्ल्यावर बसलो होतो. पांढरे केस, सुती साडी, खाली कॅनव्हासचे बूट. नाव नाही, गाव नाही, सरळ विचारलं, "आज काय जेवलात?"

मी म्हटलं, "वरणभात. का?"

त्यांनी पिशवीतून शंभर पानी वही काढली आणि चक्क लिहून घेतलं. मग म्हणाल्या, "कान कसे आहेत तुमचे?" त्यांचा पुण्याहून आणलेला आवाजवाला दोन दिवसांत पळून गेला होता. ऊन लागलं म्हणे. ऊन कसलं, बाई लागल्या असणार.

बाई मूळच्या नांदेडच्याच. कॉलेजात मानववंशशास्त्र शिकवायच्या. ती नोकरी सोडून माहितीपट करायला लागल्या. माणूस देवाशी कसा बोलतो, आणि हातात मोबाईल आल्यावर कसा बोलतो, एवढाच त्यांचा विषय. नांदेडला दोन खोल्यांत एकट्या राहायच्या. एका खोलीत त्या आणि दुसरीत वह्या. भेटेल त्या माणसाला पहिला प्रश्न, आज काय जेवलात. पुजारी असो, मौलवी असो, तलाठी असो. "देवाबद्दल विचारलं की माणूस भाषण देतो," त्या म्हणायच्या. "जेवणाबद्दल विचारलं की खरं बोलतो."

देवळात गेल्या तर प्रसाद दोनदा मागून खायच्या, पण हात जोडायच्या नाहीत. लोकांना वाईट वाटायचं. त्या सांगायच्या, "मी पाहुणी आहे. पाहुण्यानं खावं, घरच्यासारखं वागू नये." समोरच्यानं 'अंधश्रद्धा' शब्द उच्चारला की वही मिटायच्या. आणि कुणी 'चमत्कार' म्हटलं की तेव्हाही मिटायच्या. त्यामुळे लातूरला त्यांच्या एका माहितीपटानंतर एक महाराज आणि एक सुधारक असे दोघेही एकाच वेळी त्यांच्या अंगावर धावून गेले होते. बाईंनी दोघांना चहा पाजला आणि दोघांनाही विचारलं, आज काय जेवलात.

कॅमेरा त्या स्वतः स्टँडवर लावायच्या, आवाज माझ्याकडे. नियम त्यांचे शंभर, पण एक सगळ्यांत वरचा. चौकटीत पाय टाकायचा नाही. म्हणजे कॅमेऱ्यापुढे जे चाललंय त्यात आपण पडायचं नाही, बोलायचं नाही, हात लावायचा नाही. उदगीरच्या मोंढ्यात, म्हणजे धान्याच्या बाजारात, एका अडत्याकडे लक्ष्मीपूजन होतं. चौरंगावर वजनकाटा, लॅपटॉप आणि समई. बाई खूश. तेवढ्यात वाऱ्यानं पावत्यांचा गठ्ठा समईवर गेला आणि पेटला. अडत्या डोळे मिटून आरती म्हणतोय. मी हेडफोन फेकून उठणार, तर बाईंनी माझी बाही धरली ती सोडली नाही. शेवटी अडत्याच्या बायकोनं तांब्याभर पाणी ओतलं. लॅपटॉप भिजला, चौरंग काळा झाला.

बाहेर आल्यावर मी फाडफाड बोललो. "बाई, दुकान जळालं असतं ना!"

"दुकानात माणसं होती की नाही? त्यांचं दुकान, त्यांनी विझवलं."

"आणि नसतं विझवलं तर?"

"तर आज आपल्याला कळलं असतं की माझा नियम चुकीचा आहे." हे त्या इतक्या थंडपणे बोलल्या की माझं डोकंच फिरलं. त्या दिवशी मी पहिल्यांदा काम सोडलं.

मग द्वारका आली.

लातूरला क्लासच्या भागात पोरींचं एक होस्टेल होतं. डॉक्टर व्हायला आलेल्या पोरी, गावोगावच्या. त्यांच्या मेसमध्ये द्वारका पोळ्या लाटायची. ठेंगणी, चाळिशीची, सारखी करवादलेली. "ताटात टाकायची न्हाई! घेतलं का खायाचं!" हे तिचं दिवसभर चालू. सहा दिवस पोळ्या आणि मंगळवारी सुट्टी. सुट्टीच्या दिवशी ती जळकोटच्या बाजूला आपल्या गावी जायची, आणि तिथं घराशेजारच्या पत्र्याच्या शेडमध्ये तिच्या अंगात देवी यायची. दिवसभर फिजिक्स सोडवणाऱ्या पोरी ताट घेऊन रांगेत उभ्या राहिल्या की हळूच म्हणायच्या, "मावशी, मंगळवारी आईला विचार ना, माझा नंबर लागेल का?"

बाईंनी हे ऐकलं आणि त्यांचे डोळे लकाकले. पुढची दोन वर्षं आम्ही द्वारकाच्या मागं होतो.

बाईंना देवी खरी का खोटी हे नको होतं. त्यांचा सवाल एकच. "ज्या घटकेला ती बोलते, त्या घटकेला आत कोण असतं?" मी म्हणायचो, द्वारकाच असती, दुसरं कोण असणार! त्या म्हणायच्या, "तू आत जाऊन आलास का?" द्वारकाला विचारलं की ती पोळी उलटता उलटता सांगायची, "आई येऊन गेली का मला काय बी सुद ऱ्हात न्हाई म्याडम. लोकं सांगत्यात तवा कळतंय." आणि तिचा गावातला सगळा मान ह्याच्यावरच उभा होता. तिला शुद्ध नसते म्हणून तो शब्द देवीचा. द्वारका शुद्धीत राहून बोलते असं एकदा कुणाच्या कानावर गेलं असतं, तर त्याच गावानं तिला दारात उभं केलं नसतं.

चित्रणाआधी बाई परवानगीचा कागद भरून घ्यायच्या. द्वारकासाठी त्यांनी दोन कागद काढले.

"दोन कशाला?" मी विचारलं.

"एक द्वारकाचा, एक देवीचा. द्वारका हो म्हणाली म्हणजे देवीही हो म्हणाली, असं कसं धरायचं?"

मी पोट धरून हसलो. बाई हसल्या नाहीत. द्वारकानं आपला कागद शाळेतल्या अक्षरात सही करून दिला. मंगळवारी देवी आल्यावर बाईंनी दुसरा कागद तिच्यासमोर धरला आणि सगळा वाचून दाखवला, एकेक कलम. ज्याचा आवाज त्याची मालकी. सांगाल ते पुसून टाकू. हलगीवाला वाजवायचा थांबून बघत राहिला. देवी घुमत घुमत ऐकत होती. मग तिनं अंगठा कुंकवात बुडवला आणि कागदावर दाबला. माझा कॉलर-माईक तिच्या पदराच्या आत लावला होता, तो चाचपून बघितला आणि म्हणाली, "असू दे." मी हसायचं विसरलो, खोटं कशाला बोलू.

त्या शेडचा एक रिवाज होता. आईपुढं कुणी सवाल टाकला की जबाब येईस्तोवर कुणी दाराबाहेर पाय टाकायचा नाही. मग तो कुणी का असेना. एकदा एसटीचा एक कंडक्टर सहज डोकवायला म्हणून आत आला आणि कुणाचा तरी जमिनीचा सवाल पडला. पाऊण तास आई बोलेना. बाहेर गाडीचा ड्रायव्हर भोंगे वाजवून बेजार, प्रवासी खाली उतरून ओरडतायत, आणि आत कंडक्टर मांडी घालून घाम पुसतोय. बाईंनी ते सगळं वहीत उतरवलं. माझ्या पायाला मुंग्या आल्या होत्या.

आता त्या मंगळवारचं सांगतो.

दुपारी चारचा सुमार असेल. शेडच्या दाराशी बाई नेहमीसारख्या वही घेऊन उभ्या होत्या. उदगीरकडून आलेल्या एसटीतून एक मुलगी एकटीच उतरली. मेसमधली, तोंडओळखीची. देगलूरकडची होती, परीक्षेचं दुसरं वर्ष. मी तिचं नाव सांगणार नाही. बाईंनी विचारलं, "आज काय जेवलीस?" ती म्हणाली, "पोळी-भाजी," आणि चांगली हसली. बाईंनी लिहून घेतलं आणि आत कॅमेऱ्यापाशी, माझ्याशेजारी येऊन उभ्या राहिल्या.

बहुतेक लोक सवाल मोठ्यानं टाकायचे. ज्याला लाज वाटेल तो आईच्या कानात सांगायचा. ही मुलगी वाकली, कानाशी गेली. हलगी जोरात वाजत होती, शेडमध्ये कुणालाच काही ऐकू येणं शक्य नव्हतं. मला आलं. माईक देवीच्या गळ्याशी होता.

ती म्हणाली, "आई, मला मार्कं नकोत. मी आज जाणार आहे, परत नाही येणार. एवढंच सांग, मम्मी-पप्पा किती दिवस रडतील?"

देवी घुमत होती, "हूं, हूं." तिनं चिमूटभर अंगारा मुलीच्या कपाळाला लावला आणि सगळ्यांना म्हणते तसंच म्हणाली, "जा. भलं होईल." हलगीत तिला काही ऐकूच गेलं नव्हतं. मुलीनं मान हलवली. जणू जबाब मिळाला. उठली, पिशवी खांद्याला लावली आणि दाराकडे चालायला लागली. बाहेर पाचची गाडी लागायच्या बेतात होती. त्या गावाची ती शेवटची गाडी.

चित्रण चालू असताना तोंड उघडायचं नाही हा नियम. मी हेडफोन मानेवर ओढला आणि बाईंच्या कानात जे ऐकलं ते शब्दाला शब्द सांगितलं. मी उठलो, तर त्यांनी पुन्हा माझी बाही धरली. तीच पकड, मोंढ्यातली.

"बाई, सोडा! हे दुकान न्हाई!"

"तू अडवलंस तर ती हात सोडवून पळेल," त्या पुटपुटल्या. "आपण तिचे कोण? आपण तर चोरून ऐकलंय."

मुलगी दारापासून चार पावलांवर. मी खरं सांगतो, त्या क्षणी मला बाईंच्या थोबाडीत मारावीशी वाटली. आणि तेवढ्यात बाईंनी माझी बाही सोडली, वही खाली टाकली, आणि कॅनव्हासचे बूट काढून त्या चौकटीत शिरल्या. सात वर्षांत कधी पाऊल न टाकलेली बाई चालू कॅमेऱ्यापुढून सरळ देवीसमोर जाऊन गुडघ्यावर बसली, दोन्ही हात जोडले आणि अख्ख्या शेडला ऐकू जाईल अशा आवाजात ओरडली, "आई! माझा सवाल आहे!"

हलगी थांबली. सवाल पडला होता. दाराशी बसलेल्या म्हाताऱ्यानं काठी आडवी केली आणि मुलीला म्हणाला, "बस बाळ. जबाब येईस्तोर जाता येत न्हाई." मुलगी घुटमळली. मग बसली, पिशवी मांडीवर घेऊन, दाराकडे तोंड करून.

बाई देवीच्या कानाशी झुकल्या. हेडफोन मी परत चढवला होता. "ती दाराशी बसलेली पोर जीव द्यायला निघाली आहे," त्या म्हणाल्या. "तिला आज जाऊ देऊ नका."

देवी घुमायची थांबली. डोळे मिटलेले. काही बोलेना. एक मिनिट, दोन मिनिटं. बाहेर गाडीचा भोंगा वाजला. मुलीनं उठायला गुडघा टेकला, म्हाताऱ्यानं काठी हलवली नाही. पुन्हा भोंगा. माझ्या कानात फक्त द्वारकाचा श्वास येत होता, नाकातून, जोरजोरात. बाई जोडलेले हात खाली घेत नव्हत्या. मी आयुष्यात देवाला फारसा धरलेला माणूस नाही, पण तेव्हा मनात म्हणत होतो, बोल ग माय, बोल, तोंड उघड. मग गाडी निघाल्याचा आवाज आला, गिअर पडले, आणि तो लांब गेला.

देवी म्हणाली, "हिकडं आणा तिला."

मुलगी आली. देवीनं तिचं डोकं मांडीत ओढून घेतलं आणि दोघींवर पदर टाकला. बाहेरून एवढंच दिसत होतं. आत काय झालं ते शेडमध्ये एकट्या मला कळलं, आणि ते मी पुढं सांगणार आहे. थोड्या वेळानं पदर बाजूला झाला आणि देवी मोठ्यानं गरजली, "ही माझी लेक हाय. आज माझ्या घरी ऱ्हाती!" पोरगी हमसून हमसून रडत होती. तासाभरात तिच्या घरी फोन गेला, दिवे लागायच्या वेळेला आई-बाप आले. पोरीची आई तिचा हात धरून बसली ती बसलीच. पुढं नांदेडला डॉक्टरकडे वर्षभर औषधं आणि बोलणं चाललं, असं कानावर आलं.

परतताना जळकोट सुटल्यावर बाईंनी मला गाडी कडेला घ्यायला लावली.

"पदराखालचं तुला ऐकू आलं."

"आलं."

"काय—" म्हणाल्या आणि थांबल्या. मी तोंड उघडलं तर हात वर केला. "नको. सांगू नको."

गाडीतून उतरल्या, गाडीला दोन चकरा मारल्या. ज्या सवालापायी त्या इतकी वर्षं रानोमाळ हिंडल्या त्याचा जबाब माझ्या पिशवीतल्या कार्डावर होता, आणि त्यांना ते कळलं होतं. परत आल्या तेव्हा डोळे लाल होते. "ती पोर देवीशी बोलत होती, आपल्याशी नाही. देवी पोरीशी बोलत होती. आपला काय संबंध? पूस."

"बाई, एकदा ऐका तरी."

"पूस म्हणते ना!"

मी त्यांच्यादेखत पुसलं. माहितीपट पुढं झाला, पण त्यात शेड नाही, हलगी नाही, देवी नाही. नुसती मेस, पोळ्या आणि अभ्यास करणाऱ्या पोरी. बघणारे म्हणाले, बाईंची धार गेली. बाईंनी पुन्हा कॅमेरा हातात घेतला नाही. मला म्हणाल्या, "मी चौकटीत गेले. आता मला बाहेरून बघता येणार नाही." रिवाजानं ती पोर दारात अडली आणि मग देवीच्या शब्दावर थांबली, असं त्या धरून चालल्या होत्या. तेवढंच त्यांचं समाधान.

काही वर्षं गेली. एक दिवस स्टुडिओत एक मुलगी वडिलांना घेऊन आली, लग्नाचं शूटिंग ठरवायला. बोलणी झाली, वडील खाली गाडी काढायला गेले. मुलगी थांबली.

"काका, तुम्ही हेडफोनवाले ना?"

मी वर बघितलं. तीच. जरा भरलेली, डोळ्यांवर चष्मा.

"तुम्ही ऐकलं होतं, म्हणूनच बाई आल्या," ती म्हणाली. "मला नंतर समजलं. मी रागावलेली नाही. बाईंना एक निरोप सांगाल? मी देवीनं सांगितलं म्हणून थांबले नव्हते. देवीनं तर मला जा म्हटलं होतं. मी मावशीमुळं थांबले."

तिचं खरं होतं. पदराखाली देवीचा आवाज नव्हताच. मेसमधला होता, तो करवादलेला. तो अजून माझ्या कानात आहे. "ए पोरी, म्या द्वारका हाय. देवी-बिवी न्हाई, मावशी हाय तुजी. तू चार दिस झाले पोळ्या पिशवीत घालून टाकून देती, म्या बघत व्हते. इचारीन इचारीन म्हणलं आन् ऱ्हाऊन गेलं. चुकलं माजं. आज हितं ऱ्हा. म्या भाकर करते, आपुन दोघी खाऊ."

"मला वाटायचं कुणाचंच ध्यान नाही माझ्याकडं," मुलगी म्हणाली. "आणि मावशीला माझ्या पोळ्या ठाऊक होत्या." मग खालून वडिलांनी हाक मारली आणि ती गेली.

निरोप सांगायचा म्हणजे द्वारकाचं गुपित फोडायचं. मी लातूरला मेसमध्ये गेलो. द्वारका तशीच होती, फक्त केस पिकलेले. तिला म्हटलं, मला त्या दिवशी सगळं ऐकू आलं होतं. तिच्या हातातलं लाटणं थांबलं.

"कुणाला सांगितलंस?"

"कुणाला न्हाई. पुसून टाकलं. फक्त बाईंना सांगू का, एवढं इचारायला आलो."

तिनं पुन्हा लाटायला घेतलं. मी भीत भीत विचारलं, "मावशी, त्या दिवशी तुमी शुद्धीत होता?"

"आई आली व्हती त्या दिवशी," ती म्हणाली. "म्याडमनं सांगितलं तवा आई मला म्हणली, द्वारका, हे माजं काम न्हाई, तुजं हाय. मी सरकते, तू बोल. म्हून बोलले." आणि पोळी तव्यावर टाकली. "माजी ना न्हाई, सांग म्याडमला. पर आईला बी इचार. तिचं मी कसं सांगू?"

आता बोला! पूर्वी हसलेला मीच, पण पुढच्या मंगळवारी परवानगीचा कागद घेऊन शेडमध्ये गेलो, रांगेत बसलो आणि घुमणाऱ्या देवीच्या कानात परवानगी मागितली. आई म्हणाली, "म्हातारीला सांग. बाकीच्यांला सांगशील तर गावाचं नाव घालू नको, पोरीचं घालू नको, हिचं बी दुसरंच घाल." आणि कुंकवाचा अंगठा उठवला. म्हणून ह्या लिखाणात गावाचं नाव नाही आणि द्वारकाचं नाव द्वारका नाही.

नांदेडला गेलो तेव्हा बाई पलंगावर होत्या. गुडघे गेलेले, आवाज बसलेला, वह्या मात्र भिंतभर. कागद हातात दिला. कुंकवाचा अंगठा बघून त्या ताडकन उठून बसल्या. मी सगळं सांगितलं, पदराखालचं, द्वारकाचं, मुलीचा निरोप. 'मी सरकते, तू बोल' हे त्यांनी माझ्याकडून तीनदा वदवून घेतलं. लहान पोरीसारखं तोंड झालं होतं. मला वाटलं, चला, बाईंचा जीव थंडावला.

पण मग त्या म्हणाल्या, "कुठल्या पोळ्या?"

"टाकून देत होती म्हणे. चार दिवसांपासून."

बाईंनी भिंतीकडे बोट दाखवून एक वही काढायला लावली. पानं उलटत उलटत थांबल्या आणि वही माझ्याकडे फिरवली. त्यांच्या टपोऱ्या अक्षरात त्या मंगळवारची नोंद होती. 'मुलगी, देगलूरकडची. एकटी. पोळी-भाजी.'

"दारात विचारलं होतं मी तिला," त्या म्हणाल्या. "ती खोटं बोलली आणि मी लिहून घेतलं. मान वर करून बघितलंसुद्धा नाही रे तिच्याकडे." पलंगावर तशाच बसून त्या रडल्या. मी त्यांना कधी रडताना बघितलं नव्हतं. मी पाण्याचा पेला पुढं केला.

"बाई, तुम्ही सवाल टाकला म्हणून ती दारात थांबली," मी म्हटलं. "न्हाई तर गेली असती."

त्यांनी डोळे पुसले. वही मिटली, पेन वहीवर ठेवलं आणि दोन्ही बाजूला सारलं. मग माझ्याकडे बघितलं. इतक्या वर्षांत पहिल्यांदा, हातात काही न घेता.

"तू आज काय जेवलास?"

"जेवलो की बाई, उदगीरलाच. वरणभात."

त्या बघत राहिल्या. मला मान खाली घालावी लागली.

"न्हाई," मी म्हटलं. "सकाळधरनं चहावर आहे."

"तरीच," बाई म्हणाल्या, आणि भिंतीला धरून, एकेक गुडघा सावरत, स्वयंपाकघराकडे निघाल्या.